पालथा पाहुणा

“यांना आज विमानात बसता येणार नाही,” तरुण डॉक्टर मला म्हणाला. “घरीही नेता येणार नाही. आम्ही ठेवून घेतोय.”

केंगने माझ्याकडे पाहिलं. मी डॉक्टरला चार शब्द सुनावीन आणि प्रकरण मिटेल, अशी त्याची अपेक्षा दिसली. संध्याकाळी त्याचं मलेशियाचं विमान होतं. लंडनच्या ईलिंग उपनगरात आमच्या दारापाशी त्याची बॅग भरून तयार होती, वर रॅकेटी बांधलेल्या. आणि आम्ही दोघं लंडनमधल्या डोळ्यांच्या एका हॉस्पिटलच्या कॅज्युअल्टीत अक्षरांच्या तक्त्यासमोर बसलो होतो.

“रेटिनल डिटॅचमेंट आहे. डावा डोळा,” डॉक्टर म्हणाला आणि त्याने ते समजावून सांगितलं. डोळ्याच्या आत मागच्या भिंतीला एक पातळ पडदा चिकटलेला असतो. तो रेटिना. कॅमेऱ्यातल्या फिल्मचं काम तो करतो. त्याला चीर पडली की डोळ्यातलं पाणी त्या चिरेतून मागे शिरतं आणि ओल धरलेल्या भिंतीवरचा वॉलपेपर सुटावा तसा तो पडदा कडेपासून सुटत येतो.

“मॅक्युला अजून जागेवर आहे. हे तुमचं नशीब.” मॅक्युला म्हणजे पडद्याचा मधला ठिपका. वाचायचं, चेहरा ओळखायचा, सुईत दोरा ओवायचा, सगळं त्या ठिपक्यावर. “तो सुटला तर मधली नजर पूर्वीसारखी होत नाही. म्हणून घाई करतोय.”

केंगने एकच विचारलं, “खेळता येईल?”

“आधी दिसू दे,” डॉक्टर म्हणाला.

ऐंशीच्या दशकाची ती शेवटची वर्षं होती. इतक्या वर्षांनी हे लिहायचं कारण साधं आहे. डोळा दुखत नाही, म्हणजे काही झालेलं नाही, असं मानणारी माणसं मी अजून रोज पाहते. रेटिना सुटताना दुखत नाही. अजिबात नाही. हे एक वाक्य लक्षात राहिलं तरी पुरे, बाकीचं नाही वाचलंत तरी चालेल.

आता केंग कोण ते सांगते.

केंग मलेशियाचा, इपोह नावाच्या गावचा. बॅडमिंटनमधला डबल्सचा खेळाडू. चहा-कॉफीच्या दुकानामागे सिमेंटवर खडूने आखलेल्या कोर्टवर तो शिकला. शाळेत असतानाच एका प्रशिक्षकाने त्याची अझमीशी जोडी लावली. केंग चिनी वंशाचा, बुटका, चपळ; अझमी मलय, उंच, हाडापेराने मोठा. केंग पुढे जाळीपाशी, अझमी मागून स्मॅश मारायला. शाळेतून राज्याच्या संघात, तिथून देशाच्या. ही जोडी जगात पहिली कधी आली नाही. पण पहिल्या येणाऱ्यांना घाम फोडणारी म्हणून तिचं नाव होतं. एकाला बोलावलं तर दोघं यायचे. आमच्या क्लबात लोक त्यांची नावं जोडूनच घ्यायचे, केंग-अझमी, एकाच माणसाचं नाव असावं तशी.

आमचा संबंध माझ्या यजमानांमुळे. विनायक पुण्याला कॉलेजकडून खेळायचे, आणि ईलिंगला आल्यावर त्यांनी ऑफिसच्या आधी क्लब शोधला होता. एका हिवाळ्यात केंग तिथल्या लीगमध्ये खेळायला आला तेव्हा राहायला आमच्या बॉक्सरूममध्ये, म्हणजे सामानाच्या छोट्या खोलीत, होता. तेव्हापासून दर मार्चमध्ये लंडनच्या मोठ्या स्पर्धेसाठी संघ आला की हरल्यावर तो हॉटेल सोडून आमच्याकडे यायचा. अझमीही जेवायला यायचा. आमच्याकडे मांस शिजत नाही, त्यामुळे त्याला हलाल आहे का याची चौकशी न करता पोटभर जेवता यायचं. दोघंही मला आंटी म्हणत. पहिल्यांदा म्हणाले तेव्हा मला आवडलं नव्हतं. मी काही इतकी म्हातारी नव्हते.

त्या वर्षी ते पहिल्याच फेरीत हरले. केंग घरी आला तो गॉगल लावून. डोळे आलेत म्हणाला. मी कौन्सिलच्या, म्हणजे इथल्या नगरपालिकेच्या, घरं देणाऱ्या ऑफिसात काम करते. लोक खोटं कसं बोलतात ते मला चांगलं कळतं. पण मी त्याला जेवायला वाढलं.

निघायच्या दिवशी सकाळी मी त्याला वरण वाढायला डाव दिला. त्याने वरण वाटीच्या शेजारी ओतलं. टेबलक्लॉथवर, अगदी शांतपणे. हा मुलगा जाळीवर शटल असं ठेवायचा की ते विचार करून खाली पडतंय असं वाटावं, आणि त्याला वाटी दिसली नाही.

“गॉगल काढ,” मी म्हटलं.

“काही नाही, आंटी.”

“केंग, काढ म्हटलं ना.”

त्याने काढला. डोळ्याखाली मार लागलेल्या जागी पिवळट होत आलेला डाग होता. मी त्याला एक डोळा झाकायला लावला, मग दुसरा. डाव्या डोळ्याने त्याला कानाच्या बाजूला एक करडा पडदा दिसत होता. दोन-तीन दिवस होता म्हणे. त्याआधी आठवडाभर अंधारात कॅमेऱ्याच्या फ्लॅशसारख्या चमका दिसत होत्या, आणि नजरेसमोर काळे ठिपके, चिलटं फिरावीत तसे. ठिपक्यांना फ्लोटर्स म्हणतात. चमका, ठिपके आणि पडदा. ही तिन्ही त्याला झाली, त्याच क्रमाने, आणि तिन्ही त्याने लपवली.

मी ऑफिसला फोन करून येत नाही म्हणून सांगितलं आणि त्याला घेऊन निघाले. ट्यूबच्या भुयारी गाडीत तो माझ्या डाव्या बाजूला बसला. मी त्याला उठवून दुसऱ्या बाजूला बसवलं, म्हणजे त्याच्या न दिसणाऱ्या बाजूला मी असेन.

ऑपरेशन दुसऱ्या दिवशी सकाळी. इंग्लंडमध्ये सर्जनला डॉक्टर म्हणत नाहीत, मिस्टर म्हणतात. मी मैत्रिणीला फोनवर म्हणाले, “उद्या सकाळी मिस्टर डोळ्याचं ऑपरेशन करणार आहेत.” ती घाबरून म्हणाली, “अगं सुधा, विनायक तर इंजिनिअर आहेत ना?”

हे मिस्टर उंच, हडकुळे, आणि कामापुरतं बोलणारे होते. मला असे डॉक्टर आवडतात. ते म्हणाले, “आम्ही व्हिट्रेक्टमी करू. डोळ्यात जेलीसारखा एक पदार्थ असतो, तो काढू. चिरेभोवती गारठवून डाग देऊ, म्हणजे तिथे पडदा धरेल. आणि डोळ्यात गॅसचा बुडबुडा सोडू. तो बुडबुडा पडद्याला आतून दाबून धरेल. बुडबुडा नेहमी वर चढतो, म्हणून तुम्हाला पालथं राहावं लागेल. तोंड जमिनीकडे. जेवताना, झोपताना, सगळा वेळ. माझं काम एका सकाळचं आहे, तुमचं त्यापेक्षा अवघड.”

“आणि एक,” ते माझ्याकडे वळून म्हणाले. “गॅस असेपर्यंत विमान नाही. वर हवेचा दाब कमी झाला की बुडबुडा फुगतो. डोळा जाईल. हे यांना पुन्हा पुन्हा सांगा.”

ऑपरेशन चालू असताना मी वेटिंग रूममध्ये बसले. शेजारच्या बाई लोकर विणत होत्या. मला विणता येत नाही, म्हणून मी भिंतीवरचं प्रत्येक पोस्टर वाचलं. काचबिंदू, मधुमेह, शाळेतल्या मुलांचे चष्मे, सगळं. दुपारी मिस्टर हिरव्या कपड्यांतच बाहेर आले. “मॅक्युला सुटलेला नव्हता. पडदा जागेवर बसवला आहे. टिकतो का बघायचं.”

मी म्हटलं, “थँक यू.” आणि मग लक्षात आलं की मी सकाळपासून पर्स दोन्ही हातांनी आवळून धरली होती.

वॉर्डात गेले तेव्हा केंग खुर्चीत बसून पुढच्या टेबलावर उशीत कपाळ टेकवून होता. येणाऱ्याला त्याची फक्त मान दिसायची. त्याच्याशी बोलताना माणसं आपोआप मोठ्याने बोलायची, जणू तो बहिरा झालाय.

दुसऱ्या दिवशी मी त्याच्यासाठी मगमध्ये पातळ वरण आणि स्ट्रॉ घेऊन गेले, तर पलंगापाशी अझमी उभा. पाठीवर त्याची भलीमोठी बॅग. उरलेल्या संघाचं विमान त्या दिवशी सकाळी होतं; तो विमानतळापर्यंत गेला होता आणि शेवटच्या क्षणी विमानात चढलाच नव्हता. मॅनेजर त्याला काय काय बोलले ते त्याने सांगितलं नाही.

केंगची मान त्याने पाहिली. मग बॅग ठेवली, एका हाताने पलंगाची कड धरली, उजवा पाय ताठ ठेवत हळूहळू खाली बसला, आणि त्या स्वच्छ लिनोलियमवर केंगच्या तोंडाखाली सरळ उताणा आडवा झाला. आता दोघांना एकमेकांचे चेहरे दिसत होते. नर्स ट्रॉली घेऊन आली, खाली पाहिलं, आणि वळसा घालून गेली.

“हाय, काण्या,” अझमी खालून म्हणाला.

“तुझ्या नाकात केस आहेत,” केंग वरून म्हणाला.

आमचं आणि त्यांचं बोलणं इंग्रजीतच असायचं, ते मी इथे मराठीत लिहिते आहे. ते दोघं आपापसात मलय मिसळायचे आणि वाक्याच्या शेवटी ‘ला’ लावायचे, आपण ‘रे’ लावतो तसं. त्या दिवशी मात्र मला जवळजवळ सगळं कळलं.

“हजार वेळा सांगितलं मागे बघू नको. हजार वेळा,” अझमी म्हणाला. “बारा वर्षांचे होतो तेव्हापासून.”

“तू लंगडत होतास ला.”

“नव्हतो.”

“मला ऐकू येत होतं. तुझा उजवा पाय उशिरा पडत होता.”

मग मला उलगडा झाला. डबल्समध्ये पुढच्या माणसाने मागे वळून बघायचं नसतं. लहान पोराला रॅकेट धरायला शिकवतात तेव्हाच हेही शिकवतात. मागे आपला जोडीदार आहे, तो मारेल, आपण समोर बघायचं. कारण वळलात तर तुमचा डोळा बरोबर त्याच्या स्मॅशच्या रेषेत येतो. स्पर्धेच्या आधी सरावात केंग वळला आणि अझमीने मारलेलं शटल त्याच्या डोळ्यावर बसलं. नवशिका करतो ती चूक त्याने केली, कारण अझमीचा गुडघा गेला होता आणि तो वेळेवर पोचेल का, हे त्याला बघायचं होतं.

अझमीने गुडघा निवड समितीपासून लपवला होता. केंगला ते माहीत होतं, त्याने ते लपवलं. मग केंगने डोळा लपवला, आणि अझमीने तेही. कारण एक जण आजारी पडला की जोडी मोडते आणि दुसऱ्याला नवा जोडीदार देतात. दोघं एकमेकांना सांभाळत पहिल्या फेरीत गेले, आणि हरले.

“दोन मूर्ख,” मी म्हटलं.

“येस, आंटी,” वरून आणि खालून एकदमच आलं.

अझमी दोन दिवस आमच्याकडे राहून परत गेला. जाताना म्हणाला, “पुढच्या निवडीला दोघं जाऊ.” केंग त्यानंतर तेवढंच धरून होता. डोळा वाचेल का, हे तो विचारत नव्हता. निवडीच्या आधी वाचेल का, हे विचारत होता.

हॉस्पिटलमधून त्याला घरी आणलं ते आमच्या गाडीच्या मागच्या सीटवर, मांडीवर उशी आणि उशीत तोंड. घरी आल्यावर खरी कसोटी. पालथं राहणं सोपं वाटतं. तासाभरात मान धरते, दोन तासांनी पाठ, मग कपाळाची कातडी हुळहुळी होते. ज्यांच्यावर ही वेळ येईल त्यांच्यासाठी सांगते: दोन उशा थोडं अंतर सोडून ठेवा आणि मधल्या फटीत तोंड घ्या. कपाळाखाली मऊ धुतलेला सुती पंचा, टॉवेल नको. खाणं छोट्या स्टुलावर, खाली. पातळ पदार्थ स्ट्रॉने. आणि माणसाला एकटं ठेवू नका, कारण जमिनीकडे बघत बसलेल्या माणसाच्या मनात नको ते विचार येतात.

सगळ्यात उपयोगी कल्पना स्वातीची. स्वाती आमची मुलगी, तेव्हा सोळा वर्षांची, ईलिंगलाच जन्मलेली. तिने कॅरम बोर्ड आणून जमिनीवर ठेवला. “आई, त्याची डोळा खालीच बघते ना? मग तो खेळू शकते.”

“त्याचा डोळा बघतो,” मी म्हटलं.

“तेच. बघतो.”

केंग सोफ्यावर पालथा, डोकं कडेबाहेर, एक हात खाली लोंबता. डाव्या डोळ्यावर प्लास्टिकची जाळी, उजवा चांगला. समोर जमिनीवर मांडी घालून स्वाती, त्याची जोडीदार. विरुद्ध मी आणि विनायक. कॅरम त्याने आधी पाहिलाही नव्हता. तीन दिवसांत तो आम्हाला हरवायला लागला.

“हा माणूस आजारी आहे की नाही?” विनायक म्हणायचे. “मी इतकी वर्षं खेळतोय, आणि हा पालथा पडून राणी घेऊन जातो.”

“तुम्हाला उताणं पडून बघायचंय का?” मी विचारलं.

एकदा केंगचा नेम चुकला आणि स्वातीने वैतागून त्याच्याकडे पाहिलं. त्याची मान वर नव्हती, तरी त्याला ते कळलं. “जोडीदार चुकला की त्याच्याकडे बघायचं नाही,” तो म्हणाला. “पुढच्या सोंगटीकडे बघायचं. मला विचार, मी बघितलं तर काय झालं.” तो हसला. पहिल्यांदाच.

तपासणीसाठी आम्ही वरचेवर जायचो. मिस्टर डोळ्यात दिवा टाकून बघायचे आणि एकच शब्द म्हणायचे. “फ्लॅट.” म्हणजे पडदा सपाट बसला आहे. त्या शब्दासाठी आम्ही अख्खी सकाळ बसून असायचो.

पालथं राहणं संपलं. बुडबुडा मात्र होता. केंगला तो दिसायचा. गवंड्याच्या पाणसळीतल्या बुडबुड्यासारखा, मान हलली की हलणारा, रोज थोडा लहान होणारा. बुडबुड्याच्या वरून त्याला आमचं घर दिसू लागलं. आधी छत, मग दिवा, मग माझे केस. “आंटी, तुमचं नाक दिसलं,” एका सकाळी तो पोहे खाताना ओरडला.

पण दिवस जात होते आणि मलेशियात निवड जवळ आली. तोवर अझमीला एका नवीन मुलाबरोबर खेळवत होते, आणि ती दोघं एक स्पर्धा जिंकलीसुद्धा. केंगने फोनवर अझमीचं अभिनंदन केलं, छान मोकळ्या आवाजात. मग फोन ठेवून बॉक्सरूममध्ये गेला. जेवायला आला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो म्हणाला, “आंटी, बुडबुडा आता मटाराएवढाच उरलाय. मी शनिवारी जातो.”

“मिस्टरांना विचारलंस?”

“मटार, आंटी. मटार. कॅन, आंटी, कॅन.” ‘कॅन’ हे त्यांचं सगळ्यावरचं उत्तर. होईल, चालेल, काळजी नको, सगळं त्या एका शब्दात.

“पालथ्या घड्यावर पाणी,” विनायक पेपरमागून पुटपुटले.

मी वाद घातला नाही. मी बॉक्सरूममध्ये गेले, त्याच्या बॅगेच्या कप्प्यातून पासपोर्ट काढला आणि स्वयंपाकघरातल्या तांदळाच्या डब्यात, तांदळाच्या खाली ठेवला. आणि त्याला तसं सांगितलं. लपवाछपवी त्या घरात पुरेशी झाली होती.

तो माझ्यावर चिडला. तेवढा चिडलेला मी त्याला आधी किंवा नंतर पाहिला नाही. “तुम्हाला कळत नाही. आता गेलो नाही तर तो दुसऱ्याचा जोडीदार होईल. पंधरा वर्षं, आंटी. मला तर एकट्याने खेळताही येत नाही.”

“एका डोळ्याने येतं?” मी विचारलं.

मी भाताला ठेवायला त्याच डब्यातून तांदूळ काढले आणि झाकण लावलं. त्याने डब्याला हात लावला नाही.

मग मी स्वतः अझमीला फोन केला. मलेशियाला फोन लावणं तेव्हा सोपं नव्हतं. पासपोर्ट कुठे आहे ते सांगितलं. मग तो म्हणाला, “राहू दे तिथेच, आंटी. त्याला सांगा, मीही जात नाही.”

आणि त्याने तसंच केलं. निवडीच्या आधी तो समितीसमोर उभा राहिला आणि गुडघा दाखवला. त्याला लगेच बाहेर काढलं, अर्थातच. त्या मोसमात दोघंही घरी. पण दोघंही एकाच वेळी घरी. आजारपण उघड झालेल्या माणसाला निदान उपचार मिळतात. अझमीच्या गुडघ्याचं ऑपरेशन त्याच महिन्यात झालं. ते फोनवर ऐकलं तेव्हा केंग आमच्या जिन्याच्या पायरीवर बसला आणि त्याने रिसीव्हर कितीतरी वेळ कानाला लावून ठेवला. फोन केव्हाच बंद झाला होता.

शेवटच्या तपासणीला मिस्टर म्हणाले, “गॅस गेला. फ्लॅट. घरी जा.” केंगने मग विचारलं, “आता खेळता येईल?” ते म्हणाले, “मधली नजर चांगली आहे. कडेची थोडी गेली. अंतराचा अंदाज पूर्वीइतका येणार नाही, तो नव्याने शिकावा लागेल. खेळताना संरक्षक चष्मा. पुढे कधीतरी मोतीबिंदू होईल, तोही काढता येतो. बाकीचं मला माहीत नाही. मला बॅडमिंटन येत नाही.”

मी पासपोर्ट काढून दिला. पानापानांतून तांदळाचे दाणे झटकावे लागले.

केंग आणि अझमी परत आले ते दोन वर्षांनी, मार्चमध्ये. मी, विनायक आणि स्वाती प्रेक्षकांत. मला बॅडमिंटन बघताना झोप येते, पण त्या दिवशी आली नाही. ते दोघं कोर्टवर उतरले तसा विनायकांनी माझा दंड धरला. “अगं, उलटे उभे आहेत!”

अझमी पुढे होता आणि केंग मागे. गुडघ्यामुळे अझमीला आता उड्या मारून स्मॅश मारता येत नव्हता, आणि जाळीपाशी डाव्या बाजूने अचानक येणारं शटल केंगला उशिरा दिसायचं. मागे त्याला बघायला वेळ मिळायचा. म्हणून लहानपणापासूनच्या जागा त्यांनी बदलल्या. बुटका माणूस मागून मारतोय आणि उंच माणूस जाळीवर लांबलचक हात पसरून उभा आहे, असं ते विचित्र दृश्य होतं. आसपासचे लोक हसले. पहिला गेम हरल्यावर हसणं थांबलं आणि लोक कॉफी आणायला उठले.

मी केंगकडे बघत नव्हते. अझमीच्या मानेकडे बघत होते. त्याच्या मागून केंग स्मॅश मारायचा, शटल त्याच्या कानाजवळून सुईंकरून जायचं, आणि ती मान हलायची नाही. एकदाही नाही. केंग उशिरा पोचला तेव्हा नाही, केंग घसरून पडला तेव्हासुद्धा नाही.

दुसरा गेम जिंकले. तिसरा अगदी शेवटच्या पॉइंटवर. ज्या फेरीत हरले होते ती फेरी पार झाली. पुढे उपांत्यपूर्व फेरीत हरले, चांगल्या जोडीशी आणि चांगलं खेळून. रात्रीच्या जेवणाला दोघं आमच्याकडे आले. केंगने वरण वाटीत वाढलं, सगळ्यांच्या, काठोकाठ, एक थेंब बाहेर नाही. सगळे बघत होते, आणि त्याला ते माहीत होतं.

आणखी काही वर्षं ते तसेच खेळले. मग केंगला सांगितल्याप्रमाणे मोतीबिंदू झाला, तो काढला, आणि त्याने खेळणं सोडून मँचेस्टरला मुलांना शिकवायचं काम धरलं. त्याच्याकडे चष्म्याशिवाय कोर्टवर पाऊल ठेवता येत नाही. तिथल्या एका मराठी डॉक्टरीणबाईंनी मला सांगितलं, “अहो, तो पोरांना रॅकेट देण्याआधी मागे न बघता उभं राहायला शिकवतो. अर्धा तास नुसतं उभं!”

आता माझी गोष्ट, थोडक्यात. गेल्या हिवाळ्यात एके संध्याकाळी मी पडदे ओढत होते आणि उजव्या डोळ्याच्या कोपऱ्यात चमक दिसली. पुन्हा एक. मग चिलटं. विनायक म्हणाले, “थकली असशील. सकाळी बघू.” मी कोट घातला.

कॅज्युअल्टीतल्या डॉक्टरीणबाईंनी तपासून सांगितलं की वयोमानाने डोळ्यातली जेली आकसते आणि सुटते. बहुतेकांना त्याने काही होत नाही, पण माझ्या पडद्याला सुटताना बारीक चीर पडली होती. पडदा सुटलेला नव्हता. त्यांनी तिथेच चिरेभोवती लेझरने टाके घातल्यासारखे डाग दिले. हिरव्या उजेडाचे झटके, थोडी कळ, संपलं. “लगेच आलात ते बरं केलंत,” त्या म्हणाल्या. “चमक दिसली म्हणजे यायचं, हे तुम्हाला कोणी सांगितलं?”

“आमच्याकडे एक पाहुणा होता,” मी म्हटलं.

हॉस्पिटलचे मी कधी आभार मानले नव्हते, ते इथे मानते. त्या अबोल मिस्टरांचे, त्या वळसा घालून गेलेल्या नर्सचे, आणि दोन मूर्खांचे. त्यांच्या मूर्खपणावर माझा डोळा वाचला.

घरी येऊन मी मँचेस्टरला फोन केला. केंगने सगळं ऐकून घेतलं. चमक, चीर, लेझर. मग अगदी काळजीने विचारलं, “आंटी, पालथं?”

“नाही रे,” मी म्हटलं. “सरळ बसून डबलडेकर बसने घरी आले. वरच्या मजल्यावर, पुढच्या सीटवर.”